घास गायीचा, आहार जीवाणूंचा

श्रावण अमावास्येला विदर्भात पोळा भरतो. शिंगांना रंग, पाठीवर झूल आणि गळ्यात घुंगरमाळा अशा थाटात बैलजोड्या तोरणाखाली उभ्या राहतात. तोरण तुटले की बैलांना घरोघरी नेले जाते. प्रत्येक दारी गृहिणी त्यांच्या पायांवर पाणी घालते, ओवाळते आणि पुरणपोळीचा घास भरवते. श्वेतांबर परंपरेतील पर्युषण पर्वाचे आठ दिवसही याच सुमारास येतात व त्यांत ही अमावास्या असते. त्या दिवसांत जीवदयेसाठी हात सैल सुटतो. गोशाळेत चारा, गूळ, धान्य, पोळ्या पोहोचतात. वर्धा नदीच्या काठी वसलेल्या घुग्घुससारख्या गावात, कोळशाच्या खाणी आणि कारखान्यांच्या धुरळ्यातही, हा श्रद्धेचा भाग अजून टिकून आहे. दारासमोर येऊन उभी राहणारी गाय रिकाम्या तोंडी परत जात नाही.

या दातृत्वात एक उणीव मात्र राहून जाते. प्रत्येक घर आपापला एक घास मोजते. बैलाच्या पोटात गेलेल्या सगळ्या घासांची बेरीज कोणीच करीत नाही. पन्नास दारी एकेक पोळी खाल्लेल्या बैलाने पन्नास पोळ्या खाल्लेल्या असतात. त्या एका दिवसात, एका पोटात आणि कोणतीही पूर्वतयारी नसताना जमा झालेल्या असतात. दुसऱ्या दिवशी तो बैल चाऱ्याला तोंड लावीत नाही, रवंथ थांबवतो, डोळे खोल जाऊन बसून राहतो. तेव्हा ‘दृष्ट लागली’ असे म्हटले जाते. प्रत्यक्षात काय झाले हे समजण्यासाठी त्याच्या पोटातील एका अदृश्य वस्तीची ओळख करून घ्यावी लागते.

चार कप्पे आणि एक वस्ती

गाय, म्हैस, बैल, शेळी, मेंढी आणि ताडोबाच्या अरण्यातील चितळ, सांबर व गवा हे सारे रवंथ करणारे प्राणी. त्यांच्या जठराला चार कप्पे असतात : कोटीपोट, जाळीपोट, पडदेपोट आणि खरे पोट. खऱ्या पोटाचे काम माणसाच्या जठरासारखेच चालते. त्याच्या अलीकडचे कोटीपोट ही निसर्गाची वेगळीच योजना आहे. मोठ्या संकरित गायीच्या कोटीपोटात १०० लिटर वा त्याहून अधिक ऐवज मावतो. गडचिरोली-चंद्रपूर भागातील लहान चणीच्या कठाणी गायीत तो अर्थातच कमी असतो. या पिशवीत प्राणवायू जवळजवळ नसतो, तापमान ३९ अंशांच्या आसपास स्थिर असते, आणि पिशवीच्या भिंती ठरावीक अंतराने आकुंचन पावून आतील ऐवज घुसळत राहतात.

येथेच गवताचे रूपांतर अन्नात होते. मात्र गाय स्वतः ते करीत नाही. गवत, कडबा, तणस, कुटार यांचा मुख्य भाग सेल्युलोज नावाच्या चिवट तंतूंचा असतो. हे तंतू तोडणारे पाचकद्रव्य माणसाच्या शरीरात नसते, तसेच गायीच्या शरीरातही नसते. ते काम तिच्या कोटीपोटात राहणारे जीवाणू करतात. त्यांची संख्या कल्पनेच्या पलीकडची आहे. कोटीपोटातील द्रवाच्या एका मिलिलिटरमध्ये साधारणपणे १,००० कोटी वा त्याहूनही अधिक जीवाणू असतात. पृथ्वीवरील एकूण मनुष्यसंख्या सुमारे ८०० कोटी आहे. म्हणजे त्या द्रवाच्या काही थेंबांतच सगळ्या मानवजातीपेक्षा मोठी वस्ती नांदत असते. जीवाणूंच्या जोडीला आकाराने मोठे आदिजीव आणि बुरशीही असते.

या वस्तीचा शोध टप्प्याटप्प्याने लागला. १८४३ मध्ये पॅरिस येथे ग्रुबी आणि देलाफों या दोन संशोधकांनी गुरांच्या पोटातील आदिजीवांचे वर्णन केले. प्राणवायूचा स्पर्श होताच मरणारे जीवाणू प्रयोगशाळेत जगवून दाखवण्याची रीत अमेरिकेच्या रॉबर्ट हंगेट यांनी विसाव्या शतकाच्या मध्यास बसवली. त्यांचा या विषयावरील ग्रंथ १९६६ मध्ये प्रसिद्ध झाला आणि आजही तो या शास्त्राचा पाया मानला जातो. कोटीपोटातील बुरशी तर १९७५ मध्ये इंग्लंडच्या कॉलिन ऑर्पिन यांनी ओळखली. तोवर तिचे पोहणारे बीजाणू आदिजीवच समजले जात होते.

कोळसा खाली, गाय वर

घुग्घुसच्या जमिनीखाली जो कोळसा आहे, तोही एके काळी वनस्पतीच होता. २५ कोटींहून अधिक वर्षांपूर्वी गोंडवन भूखंडावरील दलदलीत झाडे पडली, पाण्याखाली गाडली गेली आणि प्राणवायूच्या अभावी पूर्ण कुजली नाहीत. थरांवर थर चढले, दाब वाढला, आणि वर्धा खोऱ्याचे कोळशाचे थर तयार झाले. त्या वनस्पतीत साठलेली सूर्याची ऊर्जा बाहेर काढण्यासाठी आज भट्टी पेटवावी लागते.

त्याच भूमीवर चरणारी गाय तीच ऊर्जा ज्वालेविना मिळवते. तिच्या कोटीपोटातही प्राणवायू नाही. पण तेथील जीवाणू या परिस्थितीत जगण्यात आणि तंतू तोडण्यात निष्णात आहेत. गाय भरभर चारा गिळते, मग निवांत बसून तो पुन्हा तोंडात आणते व बारीक चावते. या रवंथात दिवसाचे सहा ते आठ तास जातात. चावताना लाळ सुटते. मोठी दुभती गाय दिवसाला १०० लिटरहून अधिक लाळ गिळते. या लाळेत खाण्याच्या सोड्याच्या जातीचे क्षार असतात. जीवाणूंच्या कामातून सतत तयार होणारी आम्ले त्यांमुळे सौम्य राहतात.

ही आम्ले म्हणजेच गायीचे खरे इंधन. जीवाणू तंतू तोडतात, त्यातून स्वतःपुरते घेतात आणि उरलेले ॲसिटिक, प्रोपिऑनिक व ब्युटिरिक या आम्लांच्या रूपात बाहेर टाकतात. कोटीपोटाच्या भिंतीतून ती थेट रक्तात शिरतात. गायीला लागणाऱ्या ऊर्जेचा सुमारे ७० टक्के वाटा असा भागतो. दुधातील स्निग्धांशही मोठ्या प्रमाणावर ॲसिटिक आम्लापासून घडतो. म्हणूनच चाऱ्यातील तंतू कमी झाले की दुधाची फॅट उतरते, हा दूधसंकलन केंद्रावरचा नेहमीचा अनुभव आहे.

प्रथिनांची गोष्ट याहून विलक्षण आहे. जीवाणू अमोनियासारख्या साध्या नत्रापासून स्वतःच्या शरीरातील प्रथिने तयार करतात. नोबेल पारितोषिक मिळवणारे फिनलंडचे रसायनशास्त्रज्ञ आर्तुरी विर्तानेन यांनी, खाद्यात प्रथिने नसतानाही केवळ युरिया व अमोनियाचे क्षार यांतून नत्र मिळालेल्या गायी दूध देतात, हे १९६६ मध्ये प्रसिद्ध केलेल्या प्रयोगात दाखवले. (गोठ्यात स्वतःच्या मनाने युरिया चारण्याचे धाडस मात्र कोणी करू नये; प्रमाण थोडेही चुकले तर तो विषच ठरतो.) कोटीपोटातील जीवाणू चाऱ्याबरोबर पुढे सरकून खऱ्या पोटात पोहोचतात आणि तेथे त्यांचेच पचन होते. गायीच्या आतड्यात पोहोचणाऱ्या प्रथिनांपैकी निम्म्याहून अधिक प्रथिने साधारणपणे अशा जीवाणूंची असतात. गाय गवत खाते हे खरे. पण तिचे पोषण गवतावर वाढलेल्या जीवाणूंमधून होते.

शाकाहारी कुटुंबांना आणखी एका गोष्टीसाठी या वस्तीचे ऋण मानावे लागेल. बी-१२ हे जीवनसत्त्व कोणतीही वनस्पती तयार करीत नाही आणि कोणताही प्राणीही तयार करीत नाही. ते केवळ सूक्ष्मजीवच करू शकतात. चाऱ्यातून आलेल्या कोबाल्टच्या अत्यल्प अंशापासून कोटीपोटातील जीवाणू ते घडवतात आणि त्याचा काही भाग दुधात उतरतो. दूध व दही यांतून शाकाहारी घराला जे बी-१२ मिळते, त्याचा उगम हा आहे.

वस्ती कशी उजाडते

या वस्तीत कामाची वाटणी असते. काही जाती तंतू तोडतात, काही पिष्ट व साखर पचवतात, काही इतरांनी टाकलेले पदार्थ संपवतात. कोणत्या जातीने किती वाढायचे हे रोजच्या चाऱ्यावर ठरते. घुग्घुसच्या परिसरात कापूस, सोयाबीन, तूर होते. तेथील गुरांना कुटार, कडबा आणि सरकीची ढेप मिळते. पूर्वेकडे मूल, सिंदेवाही, ब्रह्मपुरी या धानपट्ट्यात गुरे तणसावर जगतात. दोन्हीकडे कोटीपोटात प्राबल्य असते ते तंतू तोडणाऱ्या जीवाणूंचे. ते सावकाश वाढतात, सावकाश काम करतात, आणि आम्लता वाढलेली त्यांना सोसत नाही.

अशा पोटात एकाएकी पाच-दहा किलो भात, पोळ्या, पुऱ्या, ज्वारी-गव्हाचे पीठ, बुंदी वा गूळ जाऊन पडला तर काय होते? पिष्ट आणि साखर यांवर जगणाऱ्या जीवाणूंना जणू घबाड मिळते. त्यांतील स्ट्रेप्टोकॉकस बोव्हिस ही जात अर्ध्या तासाच्या आत दुप्पट होऊ शकते. ती लॅक्टिक आम्ल तयार करते. दह्याला आंबटपणा देणारे हेच ते आम्ल. निरोगी कोटीपोटाचा सामू साधारण ६ ते ७ असतो. तो ५ च्या खाली घसरतो. तंतू तोडणारे जीवाणू आणि आदिजीव मरू लागतात. पोटाची हालचाल मंदावते, रवंथ थांबते, रवंथ थांबली म्हणून लाळ थांबते, आणि लाळ थांबली म्हणून आम्लता अधिकच वाढते. पोटात साचलेले दाट आम्ल शरीरातील पाणी आत ओढून घेते. पोट डचमळते आणि रक्त मात्र आटते. कोटीपोटाच्या भिंतीचा दाह होतो, आम्ल रक्तात उतरते. लक्षणे बहुधा अर्ध्या ते दीड दिवसात दिसू लागतात. बाधा तीव्र असेल तर जनावर एक ते तीन दिवसांत दगावते.

पशुवैद्यक या आजाराला आम्लधर्मी अपचन म्हणतात. येथे अन्न शिळे वा विषारी असण्याची गरज नाही. ताजी, साजूक तुपातली पुरणपोळीसुद्धा हेच करू शकते. आख्ख्या दाण्यापेक्षा दळलेले पीठ व शिजवलेले अन्न अधिक घातक. कारण ते जीवाणूंच्या हाती लगेच लागते. चंद्रपूरचा उन्हाळा या धोक्यात भर घालतो. पारा ४५ अंशांवर गेला की गुरे धापा टाकतात, रवंथ कमी करतात, लाळ तोंडावाटे गळून जाते. नेमक्या त्याच वैशाख-ज्येष्ठात लग्नसराई असते आणि पंगतीतील उरलेले अन्न मंडपामागे रिते केले जाते.

हा धोका केवळ ग्रंथातला नाही. कोल्हापूरजवळील कणेरीचा सिद्धगिरी मठ गोपालनासाठी ख्यात आहे. तेथे फेब्रुवारी २०२३ मध्ये पंचमहाभूत लोकोत्सव चालू असताना, उरलेले अन्न खाण्यात आल्याने गोशाळेतील पन्नासहून अधिक गायी दगावल्याच्या बातम्या प्रसिद्ध झाल्या. आकड्यांविषयी मतभेद राहिले, हळहळ मात्र सर्वांनाच वाटली. केरळच्या कोल्लम जिल्ह्यात जून २०२४ मध्ये एका गोठ्यातील पाच गायी मैद्याचे परोटे व फणस अतिप्रमाणात खाल्ल्याने मृत्युमुखी पडल्या. या दोन्ही ठिकाणी गायींचे वाईट व्हावे असे कोणाच्याही मनात नव्हते. चारणाऱ्याचा हात मायेचाच होता.

दयेच्या आधी काय

जैन आचारात अहिंसाणुव्रताचे पाच अतिचार सांगितले आहेत : बांधून ठेवणे, मारणे, अवयव छेदणे, अतिभार लादणे आणि अन्नपाणी रोखणे. मुक्या प्राण्याचे अन्न रोखणे हा दोष आहे, हे पिढ्यानपिढ्या मनावर बिंबले आहे, आणि ते योग्यच आहे. न सोसणारे अन्न न मोजता घालणे हा त्यात शब्दशः आलेला नाही; परंतु ज्या प्रमादाला हिंसेचे मूळ मानले गेले, त्यात तो निश्चितच येतो. चालणे, बसणे, बोलणे, पाणी गाळणे या प्रत्येक क्रियेत जयणा पाळणाऱ्या समाजाने गायीच्या घासातच ती का सोडावी?

याचा अर्थ गायीला घास देणे बंद करावे असा नाही. पहिली पोळी गायीची, ही रीत एका गायीला एक-दोन पोळ्यांपुरती असेल तर तिने अपाय होत नाही. प्रश्न बेरजेचा आहे. त्यासाठी काही साध्या गोष्टी पाळता येतात.

पहिली गोष्ट, दान चाऱ्याचे असावे. हिरवे गवत, कडबा, तणस, कुटार, मुरघास यांसाठी दिलेली रक्कम गोशाळेला बुंदी-पुरीच्या टोपल्यांपेक्षा शतपटीने उपयोगी पडते. उन्हाळ्यात पाण्याची टाकी भरून ठेवणे वा सावलीचा मांडव घालणे हेही तितकेच मोलाचे दान आहे.

दुसरी गोष्ट, धान्य द्यायचेच असेल तर ते गायीपुढे न टाकता गोशाळेच्या कोठारात जमा करावे. जीवाणूंची वस्ती नव्या खाद्याला सरावते, पण त्याला दोन-तीन आठवडे लागतात. थोडे थोडे वाढवत नेलेले धान्य पचते. एकदम आलेले पचत नाही. म्हणून आधी चारा, मग मोजके खाद्य, हा क्रम ठेवावा. गोशाळेच्या दाराशी एक वही असावी आणि त्या दिवशी कोणी, कशाचे, किती दिले याची नोंद तीत व्हावी. पोळ्याच्या दिवशी बैलाच्या धन्यानेही एवढा हिशेब मनात ठेवावा : पुरणपोळीचा तुकडा मानाचा, पोटभर वैरण घरची.

तिसरी गोष्ट, पंगतीतील उरलेले अन्न. ते वेळेत माणसांपर्यंत पोहोचवणे सर्वांत उत्तम. तेही शक्य नसेल तर बायोगॅसचे संयंत्र आहे. शेणाबरोबर गुरांच्या पोटातील वायू निर्माण करणारे सूक्ष्मजीव त्या टाकीत उतरतात आणि तेथेही प्राणवायूविना तेच काम करतात. बायोगॅसची टाकी म्हणजे एक प्रकारे सिमेंटचे कोटीपोटच होय. तीत अन्न एकदम ओतले तर तीही आंबते आणि वायू देणे बंद करते. टाकी पुन्हा चालू करता येते. गाय मात्र परत येत नाही.

चौथी गोष्ट, पिशव्या. प्लॅस्टिकच्या पिशवीत गाठ मारून फेकलेले अन्न गाय पिशवीसकट गिळते. कोटीपोटातील एवढ्या अफाट वस्तीलाही प्लॅस्टिक पचत नाही. ते पुढेही सरकत नाही, साचत जाते आणि चाऱ्याची जागा अडवते. खिळे व तारा जाळीपोटात अडकतात. ते हृदयाच्या अगदी जवळ असल्याने एखादी तार थेट तेथवर पोहोचते.

आणि तरीही एखादे जनावर अति खाऊन बसले तर? चारा नाकारणे, रवंथ थांबणे, डाव्या कुशीचा फुगवटा, आंबट वासाची पातळ हगवण, दात खाणे, झोकांड्या जाणे, खोल गेलेले डोळे ही त्याची चिन्हे. अशा वेळी धान्य वा पोळ्या तत्काळ दूर कराव्यात, थोडी सुकी वैरण पुढे ठेवावी आणि विलंब न लावता पशुवैद्यकास बोलवावे. फिरत्या पशुचिकित्सा पथकासाठी १९६२ हा शुल्कमुक्त क्रमांक आहे. सोडा किती द्यायचा, पाणी केव्हा पाजायचे हे त्यांनीच ठरवावे. घाईने नळीने वा बाटलीने ओतलेले औषध फुप्फुसात गेल्यास दुसरेच संकट उभे राहते. पशुवैद्यकांजवळ एक जुना आणि सुंदर उपायही आहे : निरोगी गायीच्या कोटीपोटातील द्रव काढून तो आजारी गायीला देणे. उजाडलेल्या वस्तीत त्याने पुन्हा रहिवासी येतात. नवजात वासरालाही ही वस्ती अशीच लाभते. जन्मतः त्याचे कोटीपोट लहान व अविकसित असते. आईचे चाटणे, तिची लाळ, गोठ्यातील गवत यांतून हळूहळू एकेक जात येऊन स्थिरावते. ती वस्ती बसायला महिने लागतात आणि उजाडायला एक रात्र पुरते.

घुग्घुसहून जवळच असलेल्या भद्रावतीच्या पार्श्वनाथ तीर्थाला जाणाऱ्या यात्रेकरूंना वाटेवर गुरे बसलेली दिसतात. डोळे अर्धे मिटलेले, जबडा संथ लयीत फिरत असलेला. पाहणाऱ्याला ती केवळ विसावलेली वाटतात. पण त्या शांत देहांच्या आत अब्जावधी जीवांचा उद्योग चाललेला असतो. त्यांच्यापुढे पोळ्यांची थप्पी ठेवण्यापूर्वी क्षणभर थांबावे. दशवैकालिक सूत्राने ज्ञानाला दयेच्या आधीचे स्थान दिले आहे. भुकेल्या जीवाला काय द्यावे हे हृदय सांगते. त्याला काय सोसते हे मात्र जाणून घ्यावे लागते. ते जाणून दिलेली गवताची एक पेंढीही पुरेशी असते.